गाई मोकळ्या सोडल्या, त्याचा जमाखर्च

नागपूरजवळच्या कळमेश्वर तालुक्यातला आमचा कोठा, म्हणजे गाई दाव्याला न बांधता मोकळ्या ठेवायचा गोठा, पाहायला अधूनमधून लोक येतात. काटोलकडून, सावनेरकडून, मध्यंतरी भंडाऱ्याहून एक गाडी भरून मंडळी आली होती. सगळ्यांचे प्रश्न दोनच: खर्च किती आला आणि दूध किती वाढलं? दोन्हींची उत्तरं मी देतो. पण ती ऐकून माणूस खुशीत फाटकाबाहेर पडतो तेव्हा वाटत राहतं, याला आपण अर्धंच सांगितलं. म्हणून एकदा बसून सगळं लिहून काढतोय.

आमची संत्र्याची बाग, थोडी कपाशी-तूर आणि वीसेक जनावरं. बहुतेक गाई एचएफ (होल्स्टीन फ्रिजियन) आणि जर्सी संकरित. त्यांत दोन गवळाऊ आहेत, त्या बाबांच्या हट्टापायी. गवळाऊ ही वर्धा-नागपूरची आणि पलीकडे छिंदवाडा-सिवनी भागातली आपली पांढरी गाय. बैल चालायला तेज, दूध मात्र बेताचं. संकरित गाई घरचा खर्च चालवतात आणि गवळाऊ बाबांचं मन, अशी वाटणी आहे.

आज्याच्या काळात आमची ढोरं मोकळीच असायची. सकाळी आखरावर जमायची, गोवारी त्यांना रानात न्यायचा आणि दिवस कलताना गावात परत आणायचा. दावं फक्त रात्रीपुरतं. मग ई-क्लासच्या, म्हणजे सरकारी चराईच्या, जमिनी अतिक्रमणात गेल्या, चराई संपली, घरात संकरित गाई आल्या. चाळीस-पन्नास हजारांची गाय रानात कोण सोडणार? वर टिनाचं छप्पर, खाली कोबा, समोर गव्हाण आणि गळ्यात हातभर दोर, असा कोठा घरोघरी झाला. त्यात सोय होती हे नाकारून चालणार नाही. शेण एका ओळीत पडतं, प्रत्येक गाईला तिच्या दुधाप्रमाणे ढेप (पेंड) आणि चुनी घालता येते, धारेला गाय शोधत फिरावं लागत नाही. कमी जागेत जास्त जनावरं मावतात. बांधणारे लोक काही दुष्ट नव्हते. जागा, मजूर आणि वेळ या तिन्हींचा हिशेब त्यांना दाव्याकडे घेऊन गेला.

आमच्याकडे बदलाची सुरुवात एका गाईच्या ढोपरापासून झाली. टिपकी नावाची एचएफ गाय मागच्या पायाने लंगडत होती. ढोपराला लिंबाएवढी गाठ, वरचे केस गेलेले, कातडं चकचकीत झालेलं. डॉक्टर आले, गाठ दाबून पाहिली आणि औषध लिहून देण्याऐवजी मला म्हणाले, "भाऊ, तिच्या जागेवर उभे राहा आणि एकदम गुडघ्यावर बसा." मी सावकाश बसायला लागलो. "तसं नाही जी. गाय बसते तसं. ती पुढचे दोन्ही गुडघे टेकवते आणि अंगाचं वजन त्यांच्यावर सोडते." एकदा बसून पाहिलं. पुन्हा बसायची इच्छा झाली नाही.

मग त्यांनी गणित सांगितलं. गाय दिवसातले दहा-बारा तास बसून काढते. रवंथ बहुतेक बसूनच करते आणि ती बसलेली असते तेव्हा कासेकडे रक्त जास्त जातं. बसायला त्रास होत असेल तर ती उभीच राहते. खुरांवर भार येतो, रवंथ कमी होते, दूध कमी होतं. "तुम्ही हिला ढेप वाढवून राहिले," ते म्हणाले, "अन् हिले पायजे बसाले जागा." नागपूरच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकलेला हा माणूस शिकवताना शुद्ध बोलतो आणि चिडला की आपल्या बोलीवर येतो.

तो दिवस मे महिन्यातला होता हेही सांगायला हवं. नागपूरचा उन्हाळा नागपूरकरांना सांगायची गरज नाही. एचएफ ही मुळात हॉलंडकडची, थंड हवेतली गाय. पंचवीस अंशांच्या आत ती सुखात असते आणि आपण तिला पंचेचाळीस अंशांत टिनाखाली उभी करतो. हवेतला उष्मा आणि आर्द्रता एकत्र मोजणारा एक निर्देशांक असतो. तो ७२ च्या वर गेला की दुधाळ गाईला ताण जाणवायला लागतो. आमच्याकडे मार्च उजाडला की दुपारी तो आकडा सहज ओलांडला जातो. जीभ बाहेर, तोंडातून लाळेची तार, भात्यासारख्या हलणाऱ्या बरगड्या. हे आम्ही दर उन्हाळ्यात पाहत होतो आणि "उन्हाळ्यात दूध तुटतेच" म्हणून सोडून देत होतो.

मुक्त संचार गोठ्याबद्दल पश्चिम महाराष्ट्रातल्या शेतकऱ्यांकडून ऐकलेलं होतं. करायचं ठरवलं तेव्हा बाबा म्हणाले, "ढोरं मोकळी सोडली तं सारं दूध भांडणात जाईन." आमचा सालदार, म्हणजे वर्षाच्या बोलीवर ठेवलेला गडी, त्याहून व्यवहारी. त्याची अडचण निराळी होती: "भाऊ, खुट्याले बांधली तं मालूम राहाते, कोनती कुठं हाय." गुढीपाडवा होऊन साल नुकतंच ठरलं होतं आणि नवीन कामाचं बोलणं त्यात झालेलं नव्हतं, हे त्याला बरोबर आठवत होतं. ते बोलणं वेगळं झालं. चार पैसे वाढवावे लागले, पण पुढे त्याचं शेण काढायचं काम इतकं कमी झालं की फायद्यात तोच राहिला.

जागेचं माप ठरलेलं आहे. भारतीय मानकाप्रमाणे एका गाईला छपराखाली साडेतीन आणि उघड्यावर सात चौरस मीटर, म्हणजे अंदाजे ३८ आणि ७५ चौरस फूट जागा लागते. म्हशीला थोडी जास्त. हे कमीत कमी. आम्ही उघड्यावरची जागा दुपटीच्या आसपास धरली, कारण कोठ्याला लागून कडुनिंबाची तीन मोठी झाडं होती आणि ती कुंपणाच्या आत घ्यायची होती. नवीन पक्क्या शेडचा अंदाज सहा-सात लाखांचा निघाला होता. आम्ही जुनीच शेड ठेवली, गव्हाणीपुढची पट्टी सोडून बाकीचा कोबा फोडला, जाळी आणि पाईपचं कुंपण घातलं, दोन हौद बांधले, टिनावर तुराट्या आणि पऱ्हाटीचा जाड थर टाकला. सगळं दोन लाखांच्या आत बसलं. शेडची लांबी आधीपासूनच पूर्व-पश्चिम होती म्हणून नशीब. ती दक्षिणोत्तर असती तर सकाळ-संध्याकाळचं तिरपं ऊन आत शिरलं असतं आणि तुराट्यांचा काही उपयोग झाला नसता.

दोन हौद का, हा प्रश्न पाहायला येणारे हमखास विचारतात. एक मोठा स्वस्त पडला असता. पण मोकळ्या गाईंमध्ये पायरी लागते. कोण आधी पिणार, कोण आधी खाणार हे त्या आपसांत ठरवतात. आमच्याकडे पहिल्या नंबरला आली हरणी, गवळाऊ. वजनात एचएफच्या निम्मी, पण शिंगं आहेत आणि स्वभाव तापट. ती हौदाशी उभी राहिली की टिपकीसारखी पाचशे किलोची गाय लांबूनच वळायची. दिवसाला शंभर लिटरच्या आसपास पाणी पिऊ शकणारी दुधाळ गाय भीतीपोटी तहानलेली राहिली, तर मोकळं सोडून काय साधलं? दुधात ८७ टक्के पाणीच असतं. म्हणून दुसरा हौद पार दुसऱ्या टोकाला. गव्हाणीवरही हरणीला खाणं संपेपर्यंत वेगळं अडकवतो. मोकळीकीची ही बाजू माहितीपत्रकांत नसते: दावं सुटलं की माणसाचा जाच कमी होतो, पण गाईचा गाईला जाच सुरू होऊ शकतो. नव्या कालवडींची शिंगं आता कोंब असतानाच डॉक्टरांकडून भूल देऊन जाळून घेतो. भुलीचं इंजेक्शन नको, पैसे वाचतील, असं सांगणारे भेटतात. त्यांच्याशी मी वाद घालत नाही, फक्त आमच्याकडे ते होत नाही.

सुरुवातीचे काही दिवस गडबडीचे होते. ढुसण्या झाल्या, एक कालवड जाळीत अडकली, दूध थोडं घटलं आणि बाबांचा चेहरा "मी म्हटलं होतं" असा झाला. मग एकेक गाय आपली जागा धरून बसायला लागली. दुपारी सगळ्या कडुनिंबाखाली, रात्री उघड्यावर मुरुमात. रात्री टॉर्च घेऊन गेलो तर उभी गाय क्वचित दिसायची. टिपकीची गाठ हळूहळू बसली, केस परत आले.

उन्हाळ्यासाठी फॉगर आणि पंखे लावले. आपल्याकडच्या मे महिन्यात हवा कोरडी असते, त्यामुळे पाण्याचा बारीक फवारा हवेतच विरतो आणि गारवा करतो. घरच्या कुलरला खसच्या ताट्या लावणाऱ्याला हे समजावून सांगावं लागत नाही. पण मृग लागला की हेच फॉगर बंद. जुलैत घरचा कुलर जसा अंग चिकट करण्यापलीकडे काही करत नाही, तसंच कोठ्यात. शिवाय जमीन ओली राहते आणि ओल्यात बसलेल्या गाईच्या सडांतून जंतू शिरतात. पुण्या-नगरकडचा व्हिडिओ पाहून वर्षभर फॉगर चालवणारे आहेत. विजेचा भार त्यांचा, दगडीही (कास सुजण्याचा आजार) त्यांच्याच गाईंना.

पावसाळ्याबद्दल नीट सांगतो, कारण विदर्भात या गोठ्याची खरी परीक्षा तिथे होते. आमची जमीन काळी. पहिल्या झडीत मोकळ्या आवारातला मुरूम खाली गेला आणि काळी माती वर आली. खुरांनी तुडवून त्याचा असा चिखल झाला की गाई फोडलेल्या कोब्याच्या कडेला दाटीवाटीनं उभ्या राहायला लागल्या. म्हणजे बसायला जागा हवी म्हणून केलेला खटाटोप, आणि बसायला जागा नाही. त्या महिन्यात दगडीच्या केसेस वाढल्या. एक सड कायमचा गेला. औषधाचा खर्च आणि प्रतिजैविक चालू असताना ओतून दिलेलं दूध, दोन्ही वहीत आहेत. त्यानंतर आवाराच्या मधोमध उंचवटा केला: खाली दगडाची सोलिंग, वर मुरूम, त्यावर कोरडं शेण आणि राख, दोन्ही बाजूंना उतार आणि कडेनं नाली. मुरमाच्या जमिनीवर ज्याचा गोठा आहे त्याला याची गरज नाही. काळ्या मातीवर ज्याचा आहे त्यानं हा खर्च आधीच धरावा, कुंपणाच्या निम्मा तरी होतो.

गोचिडांसाठी आवारात देशी कोंबड्या सोडल्या. बसलेल्या गाईच्या पोटाखालून, कानामागून त्या गोचीड टिपतात आणि गाई हलत नाहीत. फवारणी बंद झाली नाही, कमी झाली.

फायदा सगळ्यात मोठा कुठे झाला, हे मात्र मला आधी कोणी सांगितलं नव्हतं. दुधात गाईमागे सरासरी लिटरभर वाढ धरा. उन्हाळ्यात जास्त, कारण घट कमी झाली. पण खरा पैसा सापडला माजात. संकरित गाईचा माज बऱ्याचदा मुका, म्हणजे सहज न दिसणारा, असतो, आणि दाव्याला बांधलेली गाय माजावर आली तरी करणार काय? हंबरली तर कळतं, नाही तर एकवीस दिवस गेले. मोकळी गाय दुसरीवर चढते, दुसरी तिच्याखाली निश्चल उभी राहते, आणि सालदार सकाळी फोन करतो, "भाऊ, राणी आली." त्याच दिवशी रेतन भरता येतं. वेत तेरा-चौदा महिन्यांनी मिळालं की गाय परवडते. ते सतरा-अठरावर गेलं की मधले महिने ती फुकट खाते. आमच्याकडे हे अंतर दिसण्याइतकं कमी झालं. त्या एका गोष्टीनं कुंपणाचे पैसे भरून निघाले.

इथवर ऐकून लोक खूष होतात. गाईचं सुख आणि मालकाचा फायदा एकाच रस्त्यानं जातात असं त्यांना वाटायला लागतं. जातात, काही अंतरापर्यंत. पाणी, सावली, बसायला मऊ जागा, वेळेवर रेतन या सगळ्याचं दूध होतं, म्हणून त्याचे पैसे होतात. ज्या जनावराचं दूध होत नाही त्याच्या सुखाचं काय, हा प्रश्न मी कुंपण घालताना स्वतःला विचारला नव्हता, कारण आवार पाहायला येणारं कोणीच तो विचारत नाही.

गोऱ्ह्याचं, म्हणजे नर वासराचं, सांगतो. संकरित गाईला गोऱ्हा झाला की घरात कोणी पेढे वाटत नाही. नांगराला तो कामाचा नाही. खांदा नसतो आणि ऊन सोसत नाही. तसंही ट्रॅक्टर आल्यावर गवळाऊच्या खोंडालासुद्धा विचारणारे कमी झाले. २०१२ ते २०१९ या दोन पशुगणनांच्या दरम्यान देशातला नर गोवंश तीस टक्क्यांच्या आसपास घटला तो उगीच नाही. महाराष्ट्रात गाईच्या कत्तलीला १९७६ च्या कायद्यानं बंदी होतीच. १९९५ च्या दुरुस्तीला राष्ट्रपतींची मंजुरी मिळून २०१५ मध्ये ती बैल आणि वळूंनाही लागू झाली. त्याआधी गोऱ्ह्याला बाजारात काही ना काही भाव यायचा. आता गिऱ्हाईक नाही. विकायला न्यायचा म्हटलं तरी गाडीवाला नाही म्हणतो. वाटेत कोण अडवेल याचा नेम नाही, आणि कागद दाखवून सुटेपर्यंत दिवस जातो.

मग गोऱ्ह्याचं होतं काय? गावात कोणी त्याला मारत नाही. त्याला दूध देत नाहीत. चीक पाजतात, तोही थोडा, कारण चीकही विकला जातो. मग ताकाचं पाणी, मग नुसतं पाणी, आणि मग एक दिवस तो उठत नाही. लोक म्हणतात, "जगला नाही." देशी गाईच्या आणि म्हशीच्या बाबतीत असं करता येत नाही, वासरू समोर नसेल तर ती सहसा पान्हा सोडत नाही, म्हणून वासराला जगवणं भाग असतं. नाही तर पान्ह्याचं इंजेक्शन टोचणारे आहेत. १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यात दूध उतरवण्यासाठी असलं काही करायला साफ मनाई आहे, तरीही. संकरित गाय वासराशिवाय धार देते. आपण तिची वाखाणणी करतो ती याच गुणासाठी, आणि त्या गुणानंच तिच्या गोऱ्ह्याचा जगण्याचा आधार काढून घेतला.

आमच्या शेजारच्या गावातल्या एका मित्रानं संकरित गाई कमी करून म्हशी घेतल्या. कारण विचारलं तर फॅटचा भाव सांगतो. जास्त खोदलं तर म्हणतो, "हेल्याले गिऱ्हाईक राहाते, भाऊ." हेला म्हणजे म्हशीचा नर, आणि त्याला ती बंदी लागू नाही, एवढंच. माझं मत सरळ आहे. कायदा करणाऱ्यांनी गोऱ्ह्याच्या मानेवरची सुरी काढली, पण त्याच्या पोटाची सोय कोणाच्याच खात्यात लिहिली नाही. ते खातं न सांगता शेतकऱ्याच्या नावावर चढलं, आणि शेतकऱ्यानं ते वासराच्या.

गोशाळेत विचारून आलो. वागायला चांगली माणसं होती. म्हणाली, घेतो, पण चाऱ्याची देणगी द्या. त्यांचं काय चुकलं? २०२४ च्या सप्टेंबरात सरकारनं गोशाळांना दर दिवशी दर जनावरामागे ५० रुपये देण्याचा निर्णय घेतला, तोही देशी गाईंपुरता. हरणीला गोशाळेत जागा आहे. टिपकीच्या पोराला नाही.

मग आम्ही जे केलं ते असं. बहुतेक गाईंना आता लिंगनिर्धारित रेतमात्रा भरतो. त्यात दहातल्या नऊ वेळा कालवड होते. गाभ राहण्याचं प्रमाण साध्या मात्रेपेक्षा थोडं कमी, आणि माज नीट कळला तरच जमतं. म्हणजे मोकळ्या गोठ्याचा उपयोग पुन्हा इथे झाला. पण दहावा गोऱ्हा येतोच, आणि आधीचेही आहेत. त्यांना पहिले दोन महिने कालवडीइतकंच दूध. पुढे सोयाबीन आणि तुरीचं कुटार, कडबा, बांधावरचं गवत. खच्ची करायचं तर डॉक्टरांकडून चिमट्यानं, भूल देऊन. जुन्या पद्धतीनं बडवणं बंद. आज पाच गोऱ्हे आहेत. घरचं कुटार धरूनही एकेकाला दिवसाला ५०-६० रुपये लागतात.

हे पैसे कुठून आणायचे, यावर घरात बराच काथ्याकूट झाला. दूध संकलन केंद्रावर ३.५ फॅट आणि ८.५ एसएनएफवर (फॅट सोडून दुधातले बाकीचे घन घटक) भाव मिळतो; गाय बसून होती की उभी, ते यंत्राला दिसत नाही. २०२४ मध्ये भाव पडले तेव्हा सरकारनं लिटरमागे आधी ५ आणि मग ७ रुपये अनुदान दिलं. त्यासाठी गाईच्या कानातल्या बिल्ल्याचा बारा आकडी क्रमांक लागला. बिल्ला आहे की नाही हे तपासलं गेलं, गाय कशी आहे हे नाही.

उरलं शहरातलं गिऱ्हाईक. निम्म्याच्या आसपास दूध, रोज ६० लिटर, आम्ही नागपुरात घरपोच देतो. धरमपेठ, प्रतापनगर, मनीषनगर. लोक चौकस आहेत. गाय देशी आहे ना, चारा रासायनिक नाही ना, दूध ए-टू आहे का? एका काकूंनी मोकळ्या गाईंचे फोटो मागितले आणि सोसायटीच्या ग्रुपवर टाकले. मी सगळ्यांना एक साधी चिठ्ठी पाठवली: पुढच्या महिन्यापासून लिटरमागे २ रुपये जास्त, आणि ते गोऱ्ह्यांच्या चाऱ्याचे. गोऱ्ह्यांचं काय होतं तेही त्यात लिहिलं, वर लिहिलंय तसंच, न सजवता. बायको म्हणाली, असं लिहू नकोस, लोक दूध बंद करतील. काहींनी केलं. एकानं विचारलं, "गोऱ्हे तुमचे, त्यांचा खर्च आम्ही का द्यायचा?" मी त्याला म्हटलं, दूध तुम्ही पिता म्हणून. तो आता पाकिटाचं दूध घेतो. बरेच जण थांबले, आणि त्या चौकशीतून तेवढ्याच नव्या घरांत दूध सुरू झालं.

२ रुपयांनी दिवसाचे १२० येतात. त्यात दोन गोऱ्ह्यांचं भागतं. उरलेल्या तिघांचं शेण संत्र्याच्या बागेत जातं; शेणखताची ट्रॉली विकत घ्यावी लागत नाही, तेवढं मी बागेच्या नावे लिहितो आणि त्यांच्या नावे जमा करतो. तरीही महिन्याला थोडी रक्कम अंगावर राहते. बाबा म्हणतात, पोळ्याला दोघं सजवता येतात ना, मग झालं. त्यांचा हिशेब त्यांच्यापाशी.

भाकड गाईंचं अजून काहीच ठरलेलं नाही. आमच्याकडे सध्या एकच आहे, जुनी जर्सी. आता ती गाभण राहत नाही. तिच्या चाऱ्यासाठी लिटरमागे आणखी एक रुपया वाढवायचा, की माजाच्या वाचलेल्या महिन्यांतून तो खर्च काढायचा, यावर मी आणि बायको एकमत नाही. ती म्हणते, गिऱ्हाइकाला प्रत्येक वेळी चिठ्ठी पाठवत बसलो तर एक दिवस चिठ्ठ्याच उरतील. मी म्हणतो, तो रुपया भावात असायलाच हवा होता, आपण इतकी वर्षं तो लावलाच नाही. पाडव्याला सालदाराचं नवं साल ठरेल तेव्हा भावही नव्यानं ठरवायचा आहे. तोपर्यंत तिचा चारा संकलन केंद्राच्या पगारातून, म्हणजे तिथे घातलेल्या दुधाच्या पैशांतून.